राऊल कुतार: आधी खोली उजळा

प्रश्न थोडक्यात असा आहे: फ्रेंच कॅमेरामन राऊल कुतारचं नाव कॅमेरामन मंडळी एवढ्या आदराने का घेतात? 'ब्रेथलेस' पाहिला तर चित्र दाणेदार, कॅमेरा डुगडुगतोय, मधेच चेहरा काळोखात जातोय. आज एखाद्या विद्यार्थ्याने असं काम करून आणलं तर त्याला परत पाठवतील. मग ही शैली होती की नाइलाज? विचारणारे स्वतः लघुपट शूट करतात, आणि 'लाइट न लावता शूट करायचं असेल तर कुतार बघ' असा सल्ला त्यांना कुणीतरी दिला आहे.

सल्ला देणाऱ्याने कुतारचे दोनच सिनेमे पाहिले असावेत. कुतार लाइट लावायचा, बऱ्याचदा भरपूर लावायचा, फक्त तो कुठून येतोय हे प्रेक्षकाला कळत नाही. त्याने जे केलं ते असं: नटाला लाइट देण्याची रीत सोडली आणि जागेला लाइट दिला. मग नट त्या जागेत कुठेही जावो, कॅमेरा कुठेही वळो, कुणी कुणासाठी थांबायचं नाही. दाणे, हलता कॅमेरा, काळवंडलेले चेहरे ही सगळी त्या निर्णयाच्या मागून आलेली मंडळी आहेत. त्यातली काही त्याला आवडायची, काहींचा त्याने दुसऱ्या सिनेमांत पार बंदोबस्त केला.

हा माणूस सिनेमात आला तोच वेगळ्या वाटेने. जन्म पॅरिसचा, १९२४चा. रसायनशास्त्र शिकायची इच्छा होती, पण खर्च झेपेना, म्हणून फोटोग्राफीकडे वळला. दुसरं महायुद्ध संपता संपता सैनिक म्हणून इंडोचायनात, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या बाजूला गेला आणि अकरा वर्षं तिकडेच राहिला. तिथे युद्धाची छायाचित्रं काढली, 'पारी मॅच' आणि 'लुक'सारख्या साप्ताहिक-पाक्षिकांसाठी काम केलं. फ्रान्समधले त्याच्या वयाचे कॅमेरामन त्या काळात स्टुडिओत फोकस पुलर (फोकस सांभाळणारा साहाय्यक), मग ऑपरेटर, मग बढती मिळाली तर मुख्य कॅमेरामन अशा पायऱ्या चढत होते. कुतार त्या जिन्यावर कधी चढलाच नाही. युद्धात फोटो काढणाऱ्याला समोरच्या माणसाला 'जरा उजवीकडे सरका, लाइट पडत नाहीये' असं सांगता येत नाही. आहे त्या उजेडात, आहे त्या क्षणी, फिल्म किती ताणता येईल याचा अंदाज घेऊन बटण दाबायचं. रसायनशास्त्राची आवड आणि ही सवय, या दोन गोष्टी पुढे त्याच्या कामात सतत दिसतात.

तिथेच त्याची गाठ पिएर शोंदोर्फेरशी पडली. शोंदोर्फेर हा फ्रेंच लष्कराचा कॅमेरामन, १९५४ला दिएन बिएन फू या व्हिएतनाममधल्या फ्रेंच तळाच्या पाडावात कैद झालेला. पुढे त्याने जाक द्युपाँसोबत अफगाणिस्तानात एक चित्रपट करायचा ठरवला, 'ला पास द्यू दियाब्ल', आणि कुतारला बोलावलं. कुतारची समजूत अशी झाली की शूटिंगची स्थिरचित्रं काढायला बोलावलंय. त्याने सिनेमाचा कॅमेरा तोवर हातात धरलेला नव्हता. त्या चित्रपटाचा निर्माता होता जॉर्ज द बोरगार, आणि १९५९च्या उन्हाळ्यात ज्याँ-लुक गोदार या तरुण दिग्दर्शकाचा पहिला मोठा चित्रपट, 'ब्रेथलेस', करायला तयार झाला तोही हाच बोरगार. गोदारला खरं तर मिशेल लातूश हवा होता, त्याच्या आधीच्या लघुपटांचा कॅमेरामन. बोरगारने कुतारला त्याच्या माथी मारलं. सिनेमाच्या इतिहासात निर्मात्याच्या हट्टामुळे भलं झाल्याची उदाहरणं कमी आहेत, त्यातलं हे एक.

आता 'ब्रेथलेस'. इथे जरा रेंगाळतो, कारण या चित्रपटाबद्दल दंतकथा फार आणि तांत्रिक माहिती कमी सांगितली जाते. गोदारला हा चित्रपट वार्तांकनासारखा हवा होता: कॅमेरा हातात, लाइट जवळजवळ नाहीच, रस्ते खरे, हॉटेलची खोली खरी. ऑगस्ट-सप्टेंबर १९५९मध्ये साधारण तीन-साडेतीन आठवड्यांत शूटिंग उरकलं. अडचण अशी की एवढ्या कमी उजेडात चालेल इतका वेगवान सिनेमाचा निगेटिव्ह त्यांना हवा तसा मिळत नव्हता. स्थिरचित्रांच्या कॅमेऱ्यासाठी मात्र इल्फर्ड कंपनीचा एचपीएस नावाचा ४०० एएसएचा रोल मिळत होता. (एएसए म्हणजे फिल्मच्या वेगाचं माप, आकडा जितका मोठा तितका कमी उजेड पुरतो.) तो यायचा साधारण १७-१८ मीटरच्या तुकड्यांत. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर १७-१८ मीटर म्हणजे चाळीस सेकंदांच्या आतबाहेर. असे तुकडे एकमेकांना जोडून त्यांनी सिनेमाचे रोल तयार केले.

पण तेवढ्याने भागत नाही. स्थिरचित्रांच्या फिल्मची कडेची भोकं आणि सिनेमाच्या निगेटिव्हची भोकं आकाराने वेगळी. स्टुडिओत वापरायच्या जड मिचेल कॅमेऱ्यात ही फिल्म नीट चाललीच नसती. एक्लेअर कंपनीच्या कॅमेफ्लेक्समध्ये ती चालली. कॅमेफ्लेक्स हलका, खांद्यावर घेता येणारा, मॅगझिन (फिल्मची डबी) चटकन बदलता येणारा कॅमेरा. त्याची खोड म्हणजे आवाज, शिवणयंत्रासारखी घरघर. म्हणून संवाद जागेवर घेता आले नाहीत, सगळं नंतर डब केलं. गोदार शॉट चालू असताना नटांना ओळी सांगू शकायचा तो याचमुळे. आवाजच घ्यायचा नाही म्हटल्यावर दिग्दर्शक मोकळा.

मग प्रयोगशाळा. ४००चा निगेटिव्ह एक स्टॉप पुश करून, म्हणजे उजेडाच्या मापात एक पायरी, दुपटीने ताणून, ८०० एएसएला नेला, त्यासाठी वेगळं रसायन वापरून डेव्हलप करवून घेतला. ते दाणे, तो करकरीत काळा-पांढरा, सगळं इथून आलं. हे करण्यासाठी रसायनांची जाण आणि निगेटिव्ह किती सोसेल याचा हिशेब लागतो. बेफिकिरीने काम करणारा माणूस इथे तोंडावर आपटला असता.

ट्रॉलीच्या जागी त्यांनी चाकांची खुर्ची वापरली. कुतार त्यात बसायचा, गोदार ढकलायचा. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावर ज्याँ-पॉल बेलमोंदो आणि जीन सीबर्ग हे नायक-नायिका चालत येतात तो लांबलचक शॉट आठवतो? त्यासाठी कुतार टपालाच्या ढकलगाडीत लपला होता, गाडीला भोक पाडून त्यातून लेन्स बाहेर काढलेली. रस्त्यावरच्या लोकांना पत्ता नको म्हणून. तरी काही जण कॅमेऱ्याकडे वळून बघतात, आणि गोदारने ते तसंच ठेवलं.

हॉटेलच्या खोलीतला तो लांब प्रसंग मात्र पुन्हा पाहा, यावेळी संवाद बंद करून. छोटीशी खोली, एक खिडकी, पांढऱ्या चादरी. सीबर्ग खिडकीजवळ गेली की उजळते, आत आली की अर्धी सावलीत. कुतारने तिला तसं जाऊ दिलं आहे. स्टुडिओतल्या कॅमेरामनने तिच्या प्रत्येक थांब्यावर एक दिवा ठेवला असता आणि जमिनीवर खूण करून 'इथेच थांबा' सांगितलं असतं. श्रेय द्यायचं तर आँरी दके या कॅमेरामनलाही द्यायला हवं. त्याने 'बॉब ल फ्लांबर' आणि 'फोर हंड्रेड ब्लोज' अशाच खऱ्या रस्त्यांवर, खऱ्या उजेडात आधीच केले होते. कुतार पहिला नाही, पण त्या वाटेवर तो सर्वांत लांब गेला.

आता छतावरच्या प्रकाशाकडे येऊ. मला विचाराल तर कुतारची खरी देणगी ही, 'ब्रेथलेस' नव्हे.

गोदारबरोबरच्या दुसऱ्याच चित्रपटात, 'ल पती सोल्दा'मध्ये, त्याला कळून चुकलं होतं की नुसत्या खिडकीच्या भरवशावर राहून चालत नाही. ढग आला की शॉट जुळत नाही, संध्याकाळ झाली की काम बंद. तेव्हा त्याने फोटोफ्लडचे दिवे वापरायला सुरुवात केली. फोटोफ्लड म्हणजे दिसायला साधा बल्बच, पण तार जास्त तापवून त्यातून भरमसाट उजेड काढतात. आयुष्य मोजक्या तासांचं, किंमत फुटकळ, स्टुडिओच्या दिव्यांसारखी मोठी वायरिंग नको. असे बल्ब ओळीने भिंतीच्या वरच्या कडेला किंवा खिडकीच्या चौकटीच्या वर लावायचे, तोंड छताकडे. छतावर आपटून उजेड खाली येतो तेव्हा अख्खं छत हाच एक मोठा, मऊ दिवा होतो. सावल्या जवळजवळ नाहीशा होतात. खिडकीतून येणाऱ्या आभाळाच्या उजेडासारखाच तो वाटतो, म्हणून खरा उजेड आणि लावलेला उजेड यांचा सांधा दिसत नाही.

यातून काय साधलं ते सेटवर काम केलेल्यालाच नीट कळेल. जमिनीवर एकही स्टँड नाही. कॅमेरा तीनशेसाठ अंश फिरला तरी फ्रेममध्ये दिवा येत नाही. अँगल बदलला की पुन्हा लाइटिंग करायला तासभर जातो, तो तास वाचला. नट पलंगावरून उठून स्वयंपाकघरात जाऊन परत आला, तरी एक्स्पोजर, म्हणजे फिल्मवर पडणाऱ्या उजेडाचं प्रमाण, फारसं हलत नाही. गोदार सकाळी लिहून आणलेली पानं नटांच्या हातात द्यायचा, कोण कुठे उभं राहणार हे त्यालाही आधी ठाऊक नसायचं. अशा दिग्दर्शकाबरोबर काम करायचं तर आधी खोली उजळून ठेवण्यावाचून गत्यंतर नव्हतं.

किंमतही मोजावी लागते, ती कुणी सांगत नाही. वरून येणारा सपाट उजेड डोळ्यांच्या खोबणी काळ्या करतो. चेहऱ्याला उठाव देणारी सावली जाते. मागून येणारा बॅकलाइट नाही, त्यामुळे केस आणि मागची भिंत एकमेकांत मिसळतात. कुतारने यावर काढलेले उपाय बघण्यासारखे आहेत. गोदारची नायिका आना कारीना, तिचे काळेभोर केस पांढऱ्या भिंतीपुढे ठेवले की वेगळा बॅकलाइट लागत नाही, भिंतच ते काम करते. खिडकीजवळ बसवलं की चेहऱ्याच्या एका बाजूला आपोआप उतार मिळतो. गोदारच्या चित्रपटांतल्या पांढऱ्या, रिकाम्या भिंतींवर समीक्षकांनी पानंच्या पानं लिहिली आहेत. त्यातला एक मोठा हिस्सा या लाइटिंगच्या सोयीचा आहे असं माझं मत.

'अ वुमन इज अ वुमन'चा किस्सा यासाठी सांगतो. गोदारचा पहिलाच रंगीत आणि पहिलाच रुंद पडद्याचा चित्रपट, १९६१चा. पसंत पडलेलं खरं घर मिळालं नाही म्हणून तसंच्या तसं घर स्टुडिओत उभारलं. स्टुडिओत सेट बांधतात तो कशासाठी? भिंती काढता याव्यात, वर छत नसावं, माचांवरून दिवे सोडता यावेत यासाठी. गोदारने छतासकट सेट बांधवून घेतला, चारही भिंती पक्क्या. म्हणजे स्टुडिओचा सगळा खर्च करून खऱ्या घराच्या सगळ्या अडचणी विकत घेतल्या. कुतारने या प्रकाराबद्दल पुढे मोठ्या मिश्कीलपणे लिहिलं आहे. पण त्याने तो पार पाडला, आणि रंगीत निगेटिव्हचा वेग कमी असतानाही छतावरून परतवलेला उजेड रंगात कसा दिसतो याचा तो नमुनाच झाला.

इथे आपल्याकडची एक गोष्ट सांगायलाच हवी. कॅमेरामन सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या 'अपराजितो'साठी हेच, आणि याच्या आधी केलं होतं. बनारसच्या घराचं अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी उभारलं होतं. उघड्या अंगणात वरून आभाळाचा उजेड यायला हवा, आणि स्टुडिओच्या दिव्यांनी चार दिशांना चार सावल्या पडतात. मित्रांनी अंगणावर पांढरं कापड ताणलं आणि खालून त्यावर दिवे मारून उजेड परतवला. साल १९५६. हे मित्र त्याआधी फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वारच्या 'द रिव्हर'च्या बंगालमधल्या शूटिंगला नुसते बघायला जायचे आणि कॅमेरामन क्लोद रन्वारच्या लाइटिंगची रेखाटनं काढायचे. म्हणजे एका फ्रेंच कॅमेरामनकडे बघून शिकलेला बंगाली तरुण दुसऱ्या फ्रेंच कॅमेरामनच्या आधी त्याच मुक्कामाला पोचला. असं परतवलेल्या उजेडाचं बाउन्स लाइटिंग शिकवताना ही दोन्ही नावं एकत्रच घ्यायला हवीत.

१९५९ ते १९६७ या काळात गोदारने पंधरा मोठे चित्रपट केले, त्यातले चौदा कुतारने शूट केले. एक 'मास्क्युलँ फेमिनँ' तेवढा विली क्युराँचा. हे चौदा एका शैलीचे आहेत असं कुणी म्हणालं तर त्याने ते पाहिलेले नाहीत असं खुशाल समजा. 'व्हिव्र सा व्ही'मध्ये हातातला कॅमेरा जवळपास नाही. तिथे जड मिचेल आहे, संवाद जागेवर ध्वनिमुद्रित केलेले, आणि सुरुवातीलाच कॅफेत कारीना पाठमोरी बसलेली, चेहरा थेट बघायला मिळतच नाही. 'ले काराबिनिए' मुद्दाम कडक आणि कुरूप, जुन्या युद्धवृत्तपटाच्या झिजलेल्या प्रिंटसारखा. 'अल्फाव्हिल' हा भविष्यातल्या शहराचा चित्रपट, पण सेट एकही नाही: १९६५च्या पॅरिसमधल्या नव्या काचेच्या इमारती, रात्र, आणि फ्रेममध्येच असलेले उघडे दिवे. पुन्हा वेगवान काळा-पांढरा निगेटिव्ह, पुन्हा ताणलेलं एक्स्पोजर. काळ्याच्या किती छटा काळ्याच राहू द्यायच्या हे शिकायचं असेल तर तो बघा.

याच दरम्यान तो इतरांसाठीही काम करत होता. दिग्दर्शक जाक दमीच्या 'लोला'त फ्रान्समधलं नांत शहर दिसतं, आणि त्यातला पांढरा रंग जवळजवळ जळलेला आहे. खिडक्या, रस्ते, मुलींचे कपडे, सगळं उजेडात विरघळलेलं. तांत्रिकदृष्ट्या ओव्हरएक्स्पोज. दमीला तसंच हवं होतं आणि कुतारने ते तोलून दिलं, चेहरे त्या पांढऱ्यात बुडाले नाहीत. दिग्दर्शक फ्रांस्वा त्रुफोच्या 'ज्यूल अँड जिम'मध्ये जुन्या काळाची गोष्ट आहे, पोशाखी चित्रपट म्हणावा असा. अशा चित्रपटांत कॅमेरा सहसा दिमाखात, सावकाश फिरतो. इथे तो पुलावरून तिघांच्या शर्यतीबरोबर धावतो. त्रुफोबरोबर 'शूट द पियानो प्लेअर' आणि 'ला पो दूस'ही केले. १९६८च्या 'द ब्राइड वोअर ब्लॅक'ला मात्र दोघांचे सेटवर खटके उडाले आणि तिथून वाटा वेगळ्या झाल्या. त्रुफो पुढे नेस्टर अल्मेन्द्रोस या कॅमेरामनकडे वळला.

आता गोदारचा 'कंटेम्प्ट', १९६३. 'कुतार म्हणजे दाणे आणि धावपळ' असं वाटणाऱ्याला मी हा चित्रपट दाखवतो. सुरुवातीलाच रुळांवरून एक ट्रॉली आपल्या दिशेने येते, त्यावर मिचेल कॅमेरा, आणि कॅमेऱ्यामागे खुद्द कुतार. शेवटी तो कॅमेरा वळवून थेट प्रेक्षकांवर रोखतो. त्यानंतर जे येतं ते शांत, रुंद, रंगाने भरलेलं. इटलीतल्या काप्री बेटावरचं लेखक मालापार्तेचं लाल घर, त्याच्या गच्चीवर चढत जाणाऱ्या पायऱ्या, खाली निळा समुद्र, दुपारचं कडक ऊन. अशा उन्हात कुठलाही कॅमेरामन चेहऱ्यावर रिफ्लेक्टर मारायला धावतो. इथे घराला घर, समुद्राला समुद्र राहू दिलं आहे, माणसं त्यात लहान दिसतात. त्याच्या आधी रोमच्या फ्लॅटमधला नवरा-बायकोच्या भांडणाचा प्रसंग, अर्ध्या तासाच्या घरात जाणारा. पांढऱ्या भिंती, लाल सोफा, ब्रिजित बार्दोचा लाल टॉवेल. टेबलावरच्या दिव्याच्या या बाजूला ती, त्या बाजूला मिशेल पिकोली, आणि कॅमेरा दोघांमध्ये हळूहळू सरकतोय. कधी कोण बोलतंय त्याच्याकडे, कधी कोण ऐकतंय त्याच्याकडे. दोघांना एकत्र फ्रेममध्ये बसवण्याइतका पडदा रुंद असूनही ते दोघं एकत्र येत नाहीत. ही जागा 'लाइटिंग उत्तम' म्हणून दाद द्यायची नाही. लाइट आधीच पूर्ण फ्लॅटला दिलेला होता, म्हणून कॅमेऱ्याला एवढं सरकता आलं.

'पिएरो ल फू' टेक्निस्कोपवर केला. या पद्धतीत एका फ्रेमला चारऐवजी दोनच भोकांची फिल्म लागते, म्हणजे निम्म्या फिल्ममध्ये रुंद पडदा. दाणे थोडे वाढतात, पण दक्षिण फ्रान्सच्या उन्हात ते जाणवत नाहीत. 'टू ऑर थ्री थिंग्ज'मध्ये कॉफीच्या कपातले फिरणारे बुडबुडे पडदाभर दाखवले आहेत, आकाशगंगाच जणू. 'वीकेंड'मध्ये वाहतूक कोंडीचा प्रसिद्ध शॉट आहे: सुमारे ३०० मीटर रूळ टाकून, सात-आठ मिनिटं कॅमेरा एका लयीत मोटारींच्या रांगेशेजारून सरकतो. तिथे धावपळ नाही, थरथर नाही. हातातल्या कॅमेऱ्यासाठी ओळखला जाणारा माणूस रुळांवर किती थंड डोक्याने काम करतो ते त्यात दिसतं.

'वीकेंड'नंतर गोदार राजकीय गटांबरोबर काम करायला गेला आणि दोघांची साथ सुटली. कुतार सैनिकी वळणाचा, स्पष्टवक्ता. विद्यार्थ्यांच्या माओवादावरचा 'ला शिन्वाज' त्यानेच शूट केला होता, याची गंमत त्यालाही वाटत असणार. मग दिग्दर्शक कॉस्ता-गाव्रासचा 'झेड' आला, १९६९चा. कथा ग्रीसची, शूटिंग अल्जीअर्सचं. मोर्चे, रात्रीचा चौक, गर्दीतून घुसणारा कॅमेरा. गोदार-त्रुफोंच्या नव-सिनेमाच्या मोजक्या प्रेक्षकांसाठी तयार झालेली ही भाषा लोकप्रिय थरारपटात पहिल्यांदा इतक्या जोरात वापरली गेली ती इथे. कुतार त्यात शल्यचिकित्सकाच्या छोट्या भूमिकेतही दिसतो.

१९७०मध्ये त्याने स्वतः दिग्दर्शन केलं, 'होआ-बिन्ह', युद्धात होरपळणाऱ्या व्हिएतनाममधल्या मुलांची गोष्ट. त्याला ज्याँ व्हिगो पुरस्कार मिळाला, कान महोत्सवात पहिल्या चित्रपटाचा पुरस्कार मिळाला, परदेशी चित्रपटांच्या ऑस्करसाठी नामांकनही. त्याचे पुढचे दिग्दर्शित चित्रपट मला फारसे भावत नाहीत. त्यांवर वेळ घालवू नका.

'ल क्राब-तांबूर' मात्र चुकवू नका. १९७७चा, पुन्हा शोंदोर्फेरबरोबर. फ्रेंच नौदलाच्या खऱ्या युद्धनौकेवर, उत्तर अटलांटिकच्या वादळात शूट केलेला. राखाडी समुद्र, राखाडी पोलाद, जहाजाच्या नियंत्रणकक्षातला मंद उजेड, आणि मधूनमधून इंडोचायनाच्या आठवणींचे उबदार रंग. फ्रान्सचा सर्वोत्तम छायांकनाचा सेझार पुरस्कार त्याला याच चित्रपटाने दिला. गोदारच्या चौदा चित्रपटांनी नाही. १९८२मध्ये तो गोदारकडे परत गेला, 'पॅशन'साठी. त्यात एक दिग्दर्शक रेम्ब्राँ, गोया, देलाक्र्वा यांची चित्रं स्टुडिओत माणसं उभी करून साकारतोय आणि सतत कुरकुरतोय की उजेड जमत नाहीये. आयुष्यभर खोल्या उजळणाऱ्या माणसाला गोदारने एकदम चित्रकारांच्या दिव्याशी झुंजायला लावलं. पुढच्या वर्षी 'प्रेनाँ कार्मेन'. नव्वदच्या दशकात दिग्दर्शक फिलिप गारेलसाठी पुन्हा काळ्या-पांढऱ्यात काम केलं. २००१चा 'सोव्हाज इनोसाँस' हा शेवटचा. २०१६मध्ये, ९२व्या वर्षी तो गेला.

आता तुमच्या लघुपटाकडे. ८०० एएसएसाठी कुतारने तुकडे जोडले, रसायन बदललं. आज अलेक्सा या डिजिटल सिनेकॅमेऱ्याचं मूळ रेटिंगच ८०० आहे, आणि भाड्याने मिळणारे स्वस्त कॅमेरेही त्याच्या पुढे जातात. तेव्हा वेगाची अडचण संपली. नंतर कॉम्प्युटरवर दाणे टाकून 'कुतार लुक' आणणं सोडून द्या. ते दाणे त्याच्याकडे एका कारणाने आले होते, तुमच्याकडे ते कारण नाही.

घेण्यासारखं आहे ते खोली उजळणं. दोन बीएचके फ्लॅटमध्ये शूट करत असाल तर छत नऊ-साडेनऊ फुटांवर असतं, म्हणजे रुंद लेन्स लावली की फ्रेममध्ये येणारच. दिवे भिंत आणि छताच्या कोपऱ्यात चिकटवावे लागतील. हलक्या एलईडी पट्ट्यांनी हे काम कुतारच्या काळापेक्षा सोपं झालं आहे. छताचा रंग आधी तपासा. आपल्याकडे पांढरं म्हणून मारलेलं छत बऱ्याचदा पिवळसर असतं आणि त्यावरून परतलेला उजेडही पिवळा येतो. थर्माकोलची शीट किंवा पांढरं कापड छताला लावलं की प्रश्न मिटतो. ट्यूबलाइट बंद ठेवा. खिडकी फ्रेममध्ये असेल तर छताचा उजेड खिडकीपेक्षा निदान दीड-दोन स्टॉप खाली राहू द्या, नाहीतर उजेड वरून येतोय हे लगेच उघडं पडतं. नटांना जागेवर थांबायच्या खुणा देऊ नका, एकदा मोकळे फिरू द्या, आणि उजेड मोजायचं मीटर घेऊन त्यांच्या मागे फिरा. जिथे एक स्टॉपपेक्षा जास्त फरक पडतोय तिथे छतावर आणखी एक पट्टी. त्यातही एखादा कोपरा काळा राहत असेल आणि प्रसंगाला तो शोभत असेल, तर राहू द्या.

आणि भिंतींबद्दल एक इशारा, जो फ्रेंच उदाहरणांवरून कळणार नाही. पांढरी भिंत तिच्यावर पडलेल्या उजेडातला ऐंशी टक्क्यांच्या आसपास परत फेकते. गोरी त्वचा साधारण पस्तीस टक्के, म्हणजे भिंत आणि चेहरा यांत सव्वा स्टॉपचा फरक. सावळी त्वचा पंधरा-वीस टक्के, म्हणजे फरक दोन स्टॉपच्या वर जातो. सीबर्ग किंवा कारीना पांढऱ्या भिंतीपुढे जशा खुलतात तसा आपला सावळा नट खुलणार नाही, तो काळवंडेल आणि भिंत जळेल. म्हणून कुतारचं छत घ्या, भिंत घेऊ नका. फिकट राखाडी, मातकट, जुनी हिरवट, निळसर रंग उडालेली, अशी भिंत शोधा. नाहीच मिळाली तर कलादिग्दर्शकाला सांगून पांढऱ्या भिंतीवर दोन हात पातळ राखाडी रंग मारून घ्या आणि मगच दिवे लावा.